माडीला फरशी

साताऱ्याच्या जुन्या पेठांत ज्यांचं लहानपण गेलं त्यांना कडीपाट समजावून सांगावा लागत नाही. बाकीच्यांसाठी थोडक्यात: भिंतीपासून भिंतीपर्यंत तुळया, तुळयांवर हात-दीड हाताच्या अंतरानं कड्या आणि कड्यांवर पाट, म्हणजे फळ्या. बऱ्याच वाड्यांत या फळ्यांवर मातीचा थर आणि त्यावर सारवण असतं. आमच्या पूर्वजांनी मातीची काटकसर केली. आमच्या माडीवर नुसत्या सागवानी फळ्या. वरच्यांची जमीन तेच खालच्यांचं छत, आणि मधे फटी.

फट किती रुंद, ते महिन्यावर. मे महिन्यात तांदळाचा दाणा आरामात खाली येतो, श्रावणात पोस्टकार्ड सरकवायला जावं तर अडतं. साग हे लाकडांमधलं समंजस लाकूड, फार हलत नाही. तरी नऊ इंच रुंदीची फळी पावसाळ्यात एक-दोन मिलीमीटर फुगते आणि उन्हाळ्यात तेवढीच आक्रसते. लांबीत मात्र जवळजवळ ढिम्म. हे ज्ञान मला पुढे कामी आलं, म्हणजे भांडणात.

बायकोनं वर केरसुणी हातात घेतली की खाली सोप्यात आत्या चहावर बशी झाकते. फरशीसारखं ओल्या फडक्यानं पुसायची तर सोयच नाही. एकदा मुलीला बघायला पाहुणे आले असताना कामवाल्या मावशींनी वर उत्साहानं फडकं मारलं. ऐन एप्रिलात मुलाच्या वडिलांच्या टोपीवर थेंब पडले. त्यांनी वर बघितलं. आत्या शांतपणे म्हणाली, "पाऊस नाही तो. पुसतायत." ते स्थळ पुढे गेलं नाही. कारण पत्रिकेचं दिलं होतं, पण बायकोनं गुन्हेगार त्याच संध्याकाळी ठरवला आणि शिक्षाही सुनावली.

"वर फरशी घालायची. पाणी वरच राहील अशी."

आत्याचा विरोध तात्त्विक होता. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेचा भूकंप झाला तेव्हा ती परकर-पोलक्यातली होती आणि याच माडीवर झोपली होती. "सगळा वाडा कुरकुरला, हलला, आणि परत जागेवर बसला," ती सांगते. "हलला म्हणून वाचला. तुम्ही त्याला आता ताठ करताय." मी तेव्हा हे म्हातारपणचं बोलणं म्हणून सोडून दिलं. इंजिनिअरिंगचं सगळं सार तिनं तीन वाक्यांत सांगून टाकलं होतं.

गवंडी मिस्त्री आले. त्यांनी वर येऊन टाच आपटली, खालून भांडी वाजली, आणि ते समाधानानं म्हणाले, "काय बी अडचण न्हाय सर. दोन इंच माल टाकतो, वर टाइल. दगूड हुतंय बगा."

माल म्हणजे वाळू-सिमेंट. आमची खोली बारा बाय तेरा फुटांची. म्हणजे साडेचौदा चौरस मीटर. दोन इंच माल चौरस मीटरला शंभर किलोच्या घरात जातो. मी कागदावर गुणाकार केला आणि मिस्त्रींपुढे धरला: साधारण दीड टन. टाइलचं वजन वेगळं.

"मिस्त्री, दोन छोटे हत्ती भरून माल होतोय हा. टेम्पो म्हणतोय मी."

"मग? हत्ती काय नाचायला ठेवणार हाय का? गप बसंल की वर."

त्यांच्या शास्त्रात वजन ही गोष्ट नसतेच. त्यांचं सगळं आयुष्य स्लॅबवर गेलेलं. स्लॅब जन्माला येतानाच गप्प बसायला शिकून येतो. लाकडी जमीन माणूस चालला की वाकते, तो गेला की सरळ होते; टाइल मात्र वाकण्याऐवजी तडकते, आणि टाइलच्या आधी सांधे तडकतात. आमच्या पलीकडच्या आळीत एकांनी फळ्यांवर थेट सिमेंट ओतून टाइल बसवून घेतल्या होत्या. पहिल्याच पावसाळ्यात रात्री-अपरात्री टक् टक् आवाज यायला लागले. त्यांनी उंदराचं औषध ठेवलं. दिवाळीला जाजम काढलं तेव्हा खालच्या प्रत्येक फळीच्या रेषेवर वर एकेक तडा, अगदी सुताराच्या हिशोबानं आखलेला.

म्हणून मी सुतारकाकांना बोलावलं. खरी अडचण इथून सुरू झाली. गवंडी आणि सुतार ही दोन वेगळी राष्ट्रं आहेत आणि त्यांच्यात राजनैतिक संबंध नाहीत. सुतारकाका वर आले, मिस्त्रींकडे न बघता मला म्हणाले, "सर, यांना सांगा, सागावर सिमेंट टाकणं म्हणजे पाप आहे." मिस्त्री त्यांच्याकडे न बघता मला म्हणाले, "सर, ह्येंना सांगा, लाकडाचा जमाना गेला." दोघांमध्ये अंतर तीन फूट. मी मधे उभा राहून निरोप पोचवत होतो.

जमिनीचं वाकणं किती चालतं याला एक माप आहे. सिरॅमिक टाइल घालायची असेल तर कडी आपल्या लांबीच्या ३६०व्या भागापेक्षा जास्त वाकता कामा नये. दहा फुटांच्या कडीला म्हणजे साडेआठ मिलीमीटरच्या आत. ग्रॅनाइट किंवा शहाबादी फरशी हवी असेल तर अट आणखी दुप्पट कडक, ७२०वा भाग. मी हे सांगितल्यावर दोघांच्या चेहऱ्यावर सारखाच भाव उमटला. शिकलेल्या माणसाला चहा देऊन घालवावं, असा.

तरी मोजायचं ठरलं. मी खाली सोप्यात स्टुलावर चढून कडीच्या दोन्ही टोकांना दोरी ताणली आणि मधोमध पट्टी धरली. वर मिस्त्री, सुतारकाका आणि सुट्टीवर आलेला माझा मेव्हणा. मी "हं!" म्हटलं की तिघांनी खोलीच्या मध्यावर एकदम उडी मारायची. पहिल्या उडीला माझ्या डोळ्यांत शंभर वर्षांची धूळ गेली. दुसऱ्या उडीला आत्या देवघरातून बाहेर आली, तिनं वर बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि देवासमोर पुन्हा जाऊन बसली. तिसऱ्या उडीला तिघांची वेळ चुकली, ती तीन वेगवेगळी पडली आणि पट्टी काय दाखवते तेच कळेना. वरून मिस्त्रींचा आवाज आला, "सर, आजून हाणू का?"

खरं तर हे माप उड्यांवर घ्यायचंच नसतं. घरातल्या खोलीसाठी आयएस ८७५ मध्ये, म्हणजे इमारतींवरच्या भाराच्या भारतीय मानकात, चौरस मीटरला २ किलोन्यूटन, म्हणजे साधारण दोनशे किलो भार धरतात. आमच्या खोलीला तो एकोणतीसशे किलो झाला. चाळीस-पंचेचाळीस माणसं वर उभी करून खाली पट्टी धरावी लागली असती. बायको म्हणाली, "हळदीकुंकू ठेवू का?" तिनं ते गंभीरपणे विचारलं होतं.

सुतारकाकांनी एवढी माणसं न जमवताच निकाल दिला: दर दोन कड्यांच्या मधे एक नवीन कडी. मिस्त्रींनी मला सांगितलं की ह्येंना लाकूड खपवायचंय. ते खरंही असेल. पण नव्या कड्या बसल्यावर टाच आपटली तेव्हा खालची भांडी वाजली नाहीत.

आता वरचा थर. परदेशात यासाठी टाइल आणि लाकूड यांच्यामध्ये एक नारंगी प्लास्टिकची खाचाखाचांची चादर घालतात. जर्मनीत १९८७ पासून मिळते. लाकूड खाली हवं तेवढं सरको, चादर थोडी आपल्या अंगावर घेते आणि टाइलला कळू देत नाही. मी पोवई नाक्याच्या बाजूला एका दुकानात जाऊन तिची चौकशी केली.

"नारंगी? मंडपाला लागते ती का? गणपतीच्या आधी या."

मी लाकडावर टाइल चिकटवायची गोष्ट काढली तर दुकानदारानं मला जरा निरखून बघितलं आणि शेजारच्या रंगाच्या दुकानाकडे बोट केलं. "लाकडाला फेव्हिकॉल तिकडं."

शेवटी रचना ठरली ती अशी: फळ्यांवर बारा मिलीमीटरचा ७१० नंबरचा प्लाय, म्हणजे पाण्याला दाद न देणारा. त्यावर सिमेंटची सहा मिलीमीटरची शीट, तिच्यावर लवचीक जातीचा टाइल चिकटवायचा मसाला, त्यावर टाइल. खिळा एकही नाही, सगळीकडे स्क्रू, कारण लाकूड श्वास घेतं तसा खिळा हळूहळू वर येतो आणि कुरकुरतो. शीट आणि शीट यांच्यात तीन मिलीमीटरची फट. आणि भिंतीलगत चारी बाजूंनी सहा मिलीमीटर मोकळी जागा.

प्लाय आठ बाय चारचा, आणि आमचा जिना भिंतीच्या पोटातून जाणारा, वर झडप असलेला. लढाईच्या दृष्टीनं तो उत्कृष्ट आहे. त्या जिन्यानं शत्रूही वर येणार नाही आणि प्लायही. म्हणून माडीच्या खिडकीचे गज काढले आणि रस्त्यावरून दोरानं प्लाय वर ओढला. आळीतले सगळे मदतीला आले, म्हणजे बघायला. एक शाळकरी पोरगं घोरपडीला दोर बांधून गड चढायची गोष्ट ओरडून सांगत होतं. सुतारकाका खालून "सावकाश" म्हणायचे आणि मिस्त्री वरून "वढा". प्लाय दोन्ही आज्ञा पाळत मधेच लटकायचा.

टाइल निवडायला बायको गेली. दुकानात मोरबीहून आलेल्या टाइलांच्या भिंती होत्या. तिनं त्यांतून लाकडाच्या फळीसारखी दिसणारी निवडली. रेषा, गाठी, सगळं छापलेलं. सुतारकाकांनी एक टाइल उचलली, उलटीसुलटी केली, अंगठ्यानं गाठ खरवडून बघितली आणि काही न बोलता पान लावायला बसले.

मग टाइल लावायचं काम. मसाल्याच्या पिशवीवर आयएस १५४७७ छापलेलं, किती पाणी तेही छापलेलं. मिस्त्रींनी तो कालवताना शेजारच्या पोत्यातून मूठभर सिमेंट त्यात टाकलं. मी ओरडलो. ते दुखावले. "शिमिटाबिगर पकड येती व्हय सर?" मी सांगितलं की यात रसायन आहे, सिमेंट वाढवलं की लवचीकपणा जातो. त्यांनी सिमेंटचं पोतं बाजूला ठेवलं आणि दिवसभर त्याच्याकडे, नोकरीवरून काढलेल्या जुन्या माणसाकडे बघावं तसं, बघत राहिले.

पुढचं भांडण गोळ्यांचं. टाइलच्या मागे चार कोपऱ्यांत चार आणि मधे एक असे पाच गोळे लावून टाइल दाबायची, ही त्यांची आयुष्यभराची पद्धत. गोळ्यांच्या मधली जागा पोकळ राहते. स्लॅबवर ती नुसती पोकळ वाजते, लाकडावर त्याच ठिकाणी टाइल फुटते. मसाला दातेरी थापीनं एका दिशेनं ओढायचा आणि टाइल त्यात बसवून जरा हलवायची, म्हणजे दात मिटतात आणि पाठ पूर्ण भरते. एक टाइल बसवून, उचलून, उलटी करून मी त्यांना दाखवली. पाठ सगळी भरलेली होती. "मसाला लई जातोय," एवढंच ते म्हणाले. पण त्यानंतर दुसरी टाइल त्यांनी स्वतः उचलून बघितली, आणि आपल्या पोराला हाक मारली, "हिकडं ये, बग."

भिंतीलगतच्या फटीवरून मात्र ते अडून बसले. "सगळ्या कडांला फट सोडायची? लोकं म्हणतील मिस्त्रीला माप घेता आलं न्हाय." मी म्हणालो, वरून पट्टी येईल, झाकलं जाईल. ते म्हणाले, झाकलं तरी मला म्हायती हाय. एवढा प्रामाणिक आक्षेप मी फार कमी ऐकला आहे. अखेर आत्या जिन्यातून वर आली, गुडघे धरून, आणि म्हणाली, "मिस्त्री, राहू दे फट. घराला हलायला जागा लागते." आत्यापुढे बोलणार कोण. फट राहिली. तिच्यात सिमेंटऐवजी सिलिकॉन भरलं आणि वर पट्टी बसली. पांढऱ्या मातीच्या भिंतीत पट्टी बसवताना भिंतीचा एक पोपडा निघाला, पण त्या भिंतींचे पोपडे तसेही निघायला निमित्तच शोधत असतात.

एक हिशोब या सगळ्या गडबडीत कुणीच मोठ्यानं केला नव्हता. प्लाय बारा, शीट सहा, टाइल नऊ, मधले मसाले मिळून पाचेक. माडीची जमीन सव्वा इंच वर आली. म्हणजे दरवाजे उघडेनात. सुतारकाका रंधा घेऊन परत आले. म्हणजे उंबरा जमिनीत बुडाला. म्हणजे जिन्याची शेवटची पायरी बाकीच्यांपेक्षा सव्वा इंच उंच झाली. हे डोळ्यांना दिसत नाही, पायांना मात्र कळतं, कारण पाय मोजून चढत असतात. आम्ही शिकलो. येणारे शिकायचे आहेत. आत्या सोप्यात बसून धडपडण्याच्या आवाजावरून कोण आलं ते सांगते: मेव्हण्याचा अंगठा लागतो, शेजारच्या वहिनींचं गुडघ्यावर जातं, आणि गॅसवाला "आयला" म्हणतो.

सगळ्यात शेवटी लोखंडी कपाट. आजोबांनी घेतलेलं, साडेसहा फुटी. ते पूर्वी आढ्याखालच्या आडव्या तुळईखाली बरोबर बसायचं, मधून पेपरची घडी जाईल एवढी जागा उरायची. आता ते तुळईला पाऊण इंच नडलं. चौघांनी ते तिरकं धरलेलं, मी मागून टाइलवर ओरखडा पडू नये म्हणून गोधडी सरकवतोय, आणि मिस्त्री म्हणाले, तुळई जरा खरवडा. सुतारकाका म्हणाले, टाइल तेवढीच काढा. मी दोघांचे निरोप पोचवायला तोंड उघडणार, तेवढ्यात ते थेट एकमेकांशी बोलले. पहिल्यांदाच. सुतारकाकांनी कपाटाच्या पायापासून टोकापर्यंत नजर फिरवली, मिस्त्रींनीही फिरवली.

"उंच घेतलंय का हो जरा?" सुतारकाका म्हणाले.

"उंचच हाय की. सरांच्या आजोबांनी मापच न्हाई घेतलं," मिस्त्री म्हणाले, आणि दोघं मिळून कपाट परत खाली न्यायला लागले.