पीटर व्हॉन: तीन भागांचा दादा

‘गेम ऑफ थ्रोन्स’मधला आंधळा मेस्टर एमॉन आपल्याकडेही अनेकांना आठवत असेल. २०११ साली मालिका आली तेव्हा ते काम करणाऱ्या ब्रिटिश नट पीटर व्हॉन यांनी ऐंशी कधीच ओलांडली होती, आणि डोळे खरोखरच अधू झाले होते. २०१६ मध्ये ९३व्या वर्षी ते गेले. असा नट गेला की आपण लगेच ‘उपेक्षित कलावंत’ म्हणून गळा काढतो. मला हे अजिबात मान्य नाही. ज्याच्याकडे नव्वदीच्या उंबरठ्यावरही काम चालून येतं तो उपेक्षित कसला?

‘पॉरिज’ बघा. बीबीसीची तुरुंगातली विनोदी मालिका, १९७४ ते ७७. नायक रॉनी बार्कर, म्हणजे कैदी फ्लेचर. व्हॉन त्यात हॅरी ग्राउट, तुरुंगातला दादा. ज्यांनी ती पाहिलीय त्यांना हा माणूस जागोजागी होता असंच वाटतं. प्रत्यक्षात फक्त ३ भाग आणि नंतरचा चित्रपट! एका भागात बॉक्सिंगच्या सामन्यावर पैजा लागल्यात आणि फ्लेचरच्या कोठडीतल्या पोरानं ठरलेल्या फेरीत पडावं अशी ग्राउटची ‘इच्छा’ आहे. व्हॉन आवाज चढवत नाहीत. घरी आलेल्या पाहुण्याशी बोलावं तसं बोलतात. समोर बार्करसारखा कसलेला नट, पण धाक कुणाचा आहे ते लगेच कळतं. दुसऱ्या कुणी इथे डोळे वटारून सगळी मजा घालवली असती.

रुंद जबडा आणि ती जड नजर, त्यामुळे खलनायकी वाट्याला आलीच. निळूभाऊंना बघून बायका बोटं मोडायच्या, त्यातलाच प्रकार. पण १९९६ सालची ‘अवर फ्रेंड्स इन द नॉर्थ’ ही मालिका बघताना हे सगळं विसरायला होतं. कथेचा काळ १९६४ ते १९९५, भाग फक्त ९. व्हॉन त्यात नायकाचा बाप, फेलिक्स. १९३६ मध्ये इंग्लंडच्या उत्तरेतल्या जॅरो गावाहून बेकार कामगार रोजगार मागायला लंडनपर्यंत चालत गेले, त्यांच्यातला एक. पदरी काहीच पडलं नाही म्हणून राजकारणावरून मन उडालेला. मुलगा मात्र चळवळीनं भारलेला, त्यामुळे दोघांचं कधीच जमत नाही. आणि मुलाला बोलावंसं वाटतं तोवर बापाला अल्झायमर झालेला. व्हॉन यांनी तिथे जे केलंय त्यात कीव मागणं औषधालाही नाही, म्हणूनच ते बघवत नाही.

आपल्या रोजच्या मालिकांत चरित्र अभिनेत्याला शेकडो भाग मिळतात. काम काय, तर दाराआडून ऐकायचं आणि तीनदा चेहऱ्यावर कॅमेरा घ्यायचा. उपेक्षा म्हणायची तर ही.

‘द रिमेन्स ऑफ द डे’ या चित्रपटात ते अँथनी हॉपकिन्सचे वडील झालेत. वयात अंतर जेमतेम १४ वर्षांचं! शंका येत नाही. बघायला सुरुवात करायची असेल तर मात्र ‘पॉरिज’चा तो बॉक्सिंगचा भाग आधी बघा. अर्ध्या तासाचाच आहे.