सिंहगडाचा घाट आणि मागचा हॉर्न

दर रविवारी तेच! पहाटे अंधारात सायकलवरून खडकवासल्याच्या कडेने निघायचं, गोळेवाडीच्या नाक्यापासून सुमारे ९ किलोमीटरचा घाट चढायचा, आणि उजाडलं की पाठीशी गाड्यांची रांग. हॉर्न, हॉर्न आणि हॉर्न.

अहो, चढावर सायकलचा वेग ताशी ७-८ किलोमीटर असतो. पेडलवर उभं राहिलं की सायकल डावी-उजवीकडे डुलणारच. तेव्हा कानाशी कर्कश भोंगा वाजला की दचकून हँडल हलतं, पुढचं चाक कडेच्या खडीत जातं. गेल्या रविवारी एका गाडीचा आरसा माझ्या कोपराला घासून गेला. वळणावर! समोरून काय येतंय हे त्यालाही दिसत नव्हतं. काचेतून वर ओरडला, "बाजूला हो ना!" कुठे होऊ? एका बाजूला कडा, दुसरीकडे दरी.

आणि एवढी घाई करून हा माणूस वर पार्किंगच्या रांगेतच अडकलेला. मी घामाघूम होऊन पोचले, तेव्हा तो अजून गाडीतच बसून होता.

गड तुमचाही आहे, माझाही आहे. वळण संपेपर्यंत दहा सेकंद थांबा, दीड मीटर अंतर ठेवा आणि मग खुशाल पुढे जा. एवढंही जमत नाही?