नुमेलचा उतारा

भाचा दहावीत गेला आणि त्याची जनावरं माझ्या गळ्यात पडली.

ताईचं आधीच ठरलेलं होतं. दिवाळी संपवून नागपूरला परत निघताना तिने गेम पिशवीतून काढून माझ्या हातात ठेवला. "मार्चपर्यंत हा इथंच राहू दे. तिकडे नेला तर पोट्टा पुस्तकाले हात लावनार नाही." पोट्ट्याने डोळ्यांत पाणी आणून पाहिलं, चिवड्याची प्लेट सरकवून पाहिली, काही उपयोग झाला नाही. मग आर्वीच्या स्टँडवर मला पानठेल्यामागे नेऊन त्याने अट घातली, "मामा, गेम तुझ्याकडे, पण काम बंद पडलं नाही पाहिजे. आयव्ही काढून ठेवत जा."

गेम म्हणजे तळहातावर मावणारा, डब्यासारखा मिटणारा गेमबॉय अ‍ॅडव्हान्स एसपी. हे यंत्र 2003 सालचं. आत पोकेमॉन एमराल्ड. सुरू केला की पहिल्यांदा सूचना येते, आतली बॅटरी संपली आहे, खेळता येईल, पण घड्याळावर चालणाऱ्या गोष्टी आता होणार नाहीत. घड्याळावर काय चालतं? तर बेऱ्या, म्हणजे तिथली फळझाडं. लावा, पाणी घाला, रोप तसूभर वाढत नाही. विदर्भातल्या शेतकऱ्याच्या हाती गेम यावा आणि त्यातही नापिकीच असावी, याला काय म्हणावं? बरं, पंचनामा करायलाही तिथे कोणी येत नाही.

या गेमात रानातून जनावरं पकडायची, पोसायची, झुंजवायची. प्रत्येकाच्या नावासमोर सहा आकडे असतात: जीव, हल्ला, बचाव, स्पेशल अटॅक, स्पेशल डिफेन्स आणि वेग. हे दिसतात. पण त्या प्रत्येकामागे एक न दिसणारा आकडा असतो, शून्यापासून 31 पर्यंत कुठलाही. तो म्हणजे आयव्ही. जनावर समोर येतं त्याच क्षणी तो ठरतो आणि मरेपर्यंत बदलत नाही. (मरतही नाहीत म्हणा. नुसती चक्कर येऊन पडतात.) सहा आकडे, प्रत्येकाच्या 32 शक्यता, म्हणजे एका जातीच्या जनावराचे 1,07,37,41,824 प्रकार. गेम यातला एकही तुम्हाला सांगत नाही. नंतरच्या गेमांत हे पाहून सांगणारा एक माणूस ठेवला आहे म्हणे. एमराल्डमध्ये तो नाही. एमराल्डमध्ये मामा आहे.

भाच्याला हवा होता नुमेल. बसक्या अंगाचा, पिवळा, पाठीवर हिरवा उंचवटा असलेला हा प्राणी रूट 112 वर मिळतो. पोटात 1,200 अंशांचा लाव्हा, पण चेहऱ्यावर त्याचा पत्ता नाही. इतका मठ्ठ की मार बसला तरी त्याला कळत नाही. असा नुमेल पकडायचा, ज्याचा स्पेशल अटॅकचा आयव्ही 31 आहे. बत्तिसात एखादा निघणार.

आता तो ओळखायचा कसा? सूत्र आहे. जातीचा मूळ आकडा दुप्पट करा, त्यात आयव्ही मिळवा, पातळीने गुणा, शंभराने भागा, अपूर्णांक टाकून द्या, पाच मिळवा. मग जनावराचा स्वभाव पाहा. स्वभाव 25 आहेत. त्यातले पाच कुठल्याच आकड्याला धक्का लावत नाहीत, बाकीचे एक आकडा दहा टक्क्यांनी चढवतात आणि दुसरा दहा टक्क्यांनी उतरवतात. कोणता स्वभाव काय करतो हेही या गेमात लिहिलेलं नाही, पाठ करायचं. म्हणून मी साध्या स्वभावाचे, हार्डी वगैरे, तेवढेच हिशेबाला घ्यायचो. संसारातही आपण तेच करतो.

सगळी ग्यानबाची मेख त्या 'अपूर्णांक टाकून द्या'मध्ये आहे. नुमेलच्या स्पेशल अटॅकचा मूळ आकडा 65. पंधराव्या पातळीचा नुमेल पकडला आणि स्पेशल अटॅक 28 दिसला, तर आयव्ही 24 असेल, 29 असेल, मधला कुठलाही असेल. सहा जण एकाच आकड्यामागे दडून बसलेले. 29 दिसला तर मात्र तो 30 किंवा 31 च. आनंद होतो. पण पुढे? सोळाव्या पातळीवर दोघेही 30 दाखवतात. सतराव्याला दोघेही 32. अठराव्याला, एकोणिसाव्याला, विसाव्याला दोघे जुळ्या भावांसारखे हातात हात घालून चढत राहतात. फाटतात ते थेट तेविसाव्या पातळीला. 30 वाला 41 वर थांबतो, 31 वाला 42 होतो. का? तर 30 वाल्याचं गणित येतं 36.80 आणि 31 वाल्याचं 37.03. ते ऐंशी शतांश गेमने उचलून उकिरड्यावर टाकलेले असतात. मला त्या ऐंशी शतांशांसाठी पौषातल्या रात्री जागायच्या होत्या.

जागायच्या तशाही होत्याच. हरभरा घाट्यावर आला होता, रोही आणि डुकरं रोज हजेरी लावत होती, आणि त्या आठवड्यात शेताची लाइन रात्रीची होती. म्हणजे जागलही आणि ओलीतही. मोटार सुरू करायची, पाणी बारीला लावायचं, एक आरोळी ठोकायची, माळ्यावर चढायचं, घोंगडं ओढायचं आणि गेम उघडायचा. वहीत मध्ये घडी घालून दोन भाग केले होते, डावीकडे पाण्याचा हिशेब, उजवीकडे नुमेलचा. बायकोने एकदा ती वही चाळली. "हरभऱ्यापेक्षा यालेच जास्त पान लागले दिसते," एवढं बोलून तिने ती परत पिशवीत टाकली. तिचा स्वभाव हार्डी नाही, पण त्या दिवशी काही चढलं-उतरलं नाही.

पातळी वाढवायची तर झुंज लावायची, हे कुणालाही सुचेल. पण तिथेही खोडा. जिंकलेली प्रत्येक झुंज अंगात मुरते. झिगझॅगून नावाच्या जनावराला हरवलं की वेगात, दुसऱ्या नुमेलला हरवलं की स्पेशल अटॅकमध्ये एकेक गुण चोरून जमा होतो, एकूण 510 पर्यंत. तोही दिसत नाही. म्हणजे न दिसणारा एक आकडा शोधताना न दिसणारा दुसरा त्यात मिसळायचा. उपाय एकच, रेअर कँडी. ती खाल्ली की पातळी चढते आणि मुरत काहीच नाही. पंधरापासून तेवीस म्हणजे आठ कँड्या. त्या मिळवायला दोन-तीन झिगझॅगून सोबत हिंडवायचे. त्यांना पडलेल्या वस्तू उचलायची खोड असते. त्यात कधीतरी कँडी निघते, बहुतेकदा औषधाची बाटली.

दिवसा मी माझ्या ऑनलाइन सेवा केंद्रात. सातबारा, फार्मर आयडी, पीकपाहणी, फोटो, झेरॉक्स. साइट बंद असली की हात रिकामे. म्हणून मी नुमेलची एक्सेल शीट केली, सूत्र टाकलं, राउंडडाउन लावलं, रांगाच्या रांगा भरल्या. आमच्या गावात संगणकाच्या पडद्यावर रांगा दिसल्या की ती यादी असते, आणि यादी म्हटलं की नाव पाहायचं असतं. आधार लिंक करायला आलेले एक काका माझ्या खांद्यावरून वाकून वाचायला लागले.

"नुमेल एक, 45, 24, 19, 29. हे कोनचं बियानं हाय बापा?"

"बियाणं नाही काका. जपानी आहे, वेगळं आहे."

"जपानी? मंग बोंडअळी नसन लागत."

"अळी... नाही लागत."

"आन् पान्याचं?"

आता नुमेलला पाणी लागलं की आतला लाव्हा थिजतो, अंग जड होतं आणि चाल मंदावते, ही याच मालिकेतल्या गेमांत लिहिलेली गोष्ट. ती मी प्रामाणिकपणे सांगितली. पाणी लागलं की बसते.

"म्हनजे कोरडवाहूचं वान. खत?"

त्याला भूक क्षणभरही सहन होत नाही, हेही त्या गेमांत लिहिलेलं आहे. तेही सांगितलं.

"खत लय मांगते म्हना," काकांनी मान डोलावली. "पन 45 चा उतारा कोरडवाहूत? कोनी देते का?"

मी 45 हा जीव आहे असं सांगेपर्यंत साइट सुरू झाली आणि मागची रांग ओरडायला लागली. दोन दिवसांनी बाजारात कळलं की काका कृषी केंद्रावर जाऊन नुमेलच्या दोन बॅगा मागून आले. दुकानदाराने सांगितलं, सध्या स्टॉक संपला आहे, पुढच्या आठवड्यात गाडी येते.

पण खरा पेच घरातच होता. बाबांची हयात बैलबाजारात गेली. वर्धेच्या गौळाऊची जोडी पाहून ती किती वर्षं ओढेल हे ते सांगतात. ओठ वर करून दात पाहायचे, दोनदाती, चारदाती, जुळलेला. मग खूर, शेपटी, अंगावरचे भोवरे, उठण्याबसण्याची तऱ्हा. शेवटी रुमालाखाली हात घालून बोटांवर भाव. एका रात्री बाबा माळ्यावर माझ्यासाठी चहा घेऊन आले आणि मी त्यांना सहज म्हणालो, बाबा, यात जनावराचा खरा आकडा लपवून ठेवतात.

"मंग? आकडा उघडा ठेवला त धंदा कसा व्हईन?" बाबा म्हणाले आणि घोंगड्यात शिरले. "दाखव."

मी एकापाठोपाठ एक नुमेल दाखवत गेलो. बाबांनी पहिल्याला नापास केलं. "याचे पाय पतले हाय." दुसऱ्याचं वशिंड आवडलं, पण ते हिरवं का, यावर त्यांचं समाधान होईना. तिसऱ्याला "डोया पाय याचा, हा बसका निंगते." आता या गेममध्ये एका जातीच्या सगळ्या जनावरांचं चित्र एकच असतं. ठिपक्याचाही फरक नसतो. स्पिंडा नावाचं एक झोकांड्या खाणारं अस्वल आहे, त्याचे ठिपके तेवढे प्रत्येकाचे वेगळे. नुमेलचं तसं काही नाही. हे मी बाबांना समजावून सांगितलं.

"तुले नाई दिसत," बाबा म्हणाले.

मग माहिती उघडताना जनावर ओरडतं, तो आवाज त्यांनी प्रत्येकाचा कानाशी धरून ऐकला. आवाजही सगळ्यांचा एकच. खालून चौथ्याला त्यांनी थांबवलं. "हा. हा खानदानी हाय. याचे पैसे दे." तो स्पेशल अटॅक 29 वाला, हार्डी, माझ्या वहीत चौकट केलेला होता की नव्हता, हे सांगायची इच्छा नाही, कारण होता. पण चौकट केलेले आणखीही होते आणि बाबांनी त्यांनाही बसके ठरवलं होतं.

झिगझॅगूननी आठ कँड्या जमवल्या तेव्हा मी बाबांच्या खानदानीलाच त्या चारल्या. सोळा, सतरा, अठरा. मोटारीच्या पेटीवरचा लाल दिवा, खाली बारीत पाण्याचा आवाज, एकवीस, बावीस. आठवी कँडी. पडद्यावर नवे आकडे आले, मी वरून खाली वाचत गेलो. स्पेशल अटॅकपाशी आलो. 41.

म्हणजे 30.

भाच्याचा फोन रात्री दहानंतर यायचा, ताईचा मोबाइल उशीखाली घेऊन. मी निकाल सांगितला. पलीकडे शांतता. मग, "तीस? सोडून दे."

"अरे, शंभराव्या पातळीला एका गुणाचा फरक पडतो."

"मामा, एका गुणानंच तर हरते माणूस." दहावीचं पोरगं, त्याला काय बोलणार?

सोडायला गेलो तर बाबांनी हात धरला. गेममध्ये सोडून दिलेलं जनावर परत येत नाही, बाय-बाय म्हणायचं आणि संपलं. बाबांना हे मान्यच नव्हतं. कँड्या चारलेलं, मुकाट्याने वाढलेलं जनावर एका आकड्यापायी रानात हाकलायचं? "दावनीले जागा नाई का?" त्यांनी विचारलं. जागा आहे. चौदा डबे, प्रत्येकात तीस, एकूण 420. हा आकडाही त्यांना खटकला, पण जागा आहे म्हटल्यावर ठरलं, एकही सोडायचा नाही. पायपतले, बसके, नजरेत खोट असलेले सगळे तिथेच राहिले. रोज रात्री ते डबे उघडून मोजून घेत.

मार्चमध्ये शेवटचा पेपर झाला आणि भाच्याचा भर दुपारी, उघड फोन आला. आता पकडापकडी बंद, म्हणाला. अंड्यातून काढायचा. रूट 117 वर म्हातारा-म्हातारीचं डे-केअर आहे, तिथे नर-मादी ठेवायची. पिल्लाचे तीन आयव्ही आईबापांकडून येतात, बाकीचे नशिबावर. मी वही शोधत होतो. बाबा ओसरीवर तुरीच्या पोत्यांना सुतळी मारत बसले होते, सुतळी तशीच ठेवून आत आले आणि त्यांनी फोन माझ्या हातातून घेतला.

"नातवा, गोऱ्हा कोनचा लावून रायला? आपला तो खानदानी हाय ना, तोच लाव. आन् त्या म्हाताऱ्याले आधीच इचारून ठेव, ठेवायचे किती घेते."

"शंभर रुपये, आणि चढलेल्या पातळीमागे शंभर," भाचा म्हणाला.

"लुटून रायला," बाबा म्हणाले. "मी येतो बोलाले."