‘पालट’ हिंदीतून आलेला नाही

सप्रेम नमस्कार.

आमच्या बंदराविषयीच्या लेखात मी ‘कायापालट’ हा शब्द वापरला, त्यावर आपण हरकत घेतली आहे की ‘पालट’ हे हिंदी ‘पलटना’चे मराठीकरण असून शुद्ध मराठीत तेथे ‘परिवर्तन’ हवे होते. आपण लेख बारकाईने वाचला याचा आनंद आहे, पण ही व्युत्पत्ती मला मान्य नाही.

संस्कृत ‘पर्यस्त’ म्हणजे उलटून पडलेले. बाराव्या शतकातील हेमचंद्राने आपल्या प्राकृत व्याकरणात त्याची ‘पल्लट्ट’ आणि ‘पल्लत्थ’ अशी दोन रूपे दिली आहेत. पहिल्यातून आपला ‘पालट’ आला आणि दुसऱ्यातून ‘पालथा’. ‘सत्त’चे सात किंवा ‘हत्थ’चा हात होताना जोडाक्षर सुटून आधीचा स्वर दीर्घ झाला, तसाच येथे ‘पा’ दीर्घ झाला आहे. हिंदीतून उचललेला शब्द ‘पलट’ असा ऱ्हस्वच राहिला असता. हल्ली ‘कायापलट’ असेही छापले जाते. ते रूप हिंदीच्या वळणाचे आहे, एवढ्यापुरते आपले म्हणणे खरे आहे.

मे महिन्यात आमच्या अंगणात आंबापोळीची ताटे उन्हात मांडलेली असतात. वरची बाजू बोटाला चिकटेनाशी झाली की आई सुरीने कड सोडवते आणि पोळी पालथी घालते. रस तोच असतो, फक्त खालची ओली बाजू उन्हाकडे येते. शिमग्यात पालखी मुक्कामाला पोचेपर्यंत भोयांची किती वेळा खांदेपालट होते, हे कोकणात कोणालाही विचारावे. हवापालट, फेरपालट हे शब्दही याच घरातले आहेत, आणि ते कोणाला परके वाटत नाहीत.

‘परिवर्तन’ही मुळात वळण्याचाच शब्द आहे. भाद्रपद शुद्ध एकादशीला ‘परिवर्तिनी’ म्हणतात, कारण त्या दिवशी निद्रिस्त विष्णू कूस बदलतो अशी श्रद्धा आहे. तेव्हा अर्थाच्या दृष्टीनेही ‘पालट’ उणा ठरत नाही.

आपण दाखवलेल्या एका वाक्यात मात्र माझी चूक झाली आहे. जेटीच्या कठड्याला नवा रंग लागला, त्यालाही मी ‘कायापालट’ म्हटले होते. काया म्हणजे सबंध देह. कठडा रंगवल्याने तो बदलत नाही. त्या वाक्यात आज ‘रंगरंगोटी’ अशी दुरुस्ती केली आहे.