मॅडमना ऑफसाइड कळतं का?

आमच्या फोंड्याच्या ग्रुपवर आठवडाभर एक मेसेज फिरतोय. त्यात तीन गोष्टी आहेत. खेळाच्या वाहिन्यांवर बायका आल्या त्या मंदिरा बेदीपासून, दिसण्यापुरत्या. त्यांना खेळ कळत नाही, कानात सांगतात तेवढं बोलतात. आणि चाळिशी उलटली की घरी. खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग, त्यात आमचे काकाही.

मंदिरा २००३ च्या विश्वचषकात आली आणि ती नटी होती, एवढं खरं. पण भारताचे पहिले कसोटी कप्तान सी. के. नायडू यांची लेक चंद्रा नायडू यांनी इंदूरला मुंबई विरुद्ध इंग्लंडहून आलेला एमसीसी संघ या सामन्याची कॉमेंट्री केली ती १९७७ साली. म्हणजे सव्वीस वर्षं आधी.

कानातलं म्हणाल तर खरंच सांगतात. फातोर्ड्याच्या फुटबॉल मैदानावर एकदा माझी सीट कठड्याला लागून होती. मॅच सुरू व्हायला वेळ होता, आणि निवेदिका हातात कार्ड घेऊन येरझाऱ्या घालत होती. मध्येच थांबून तिनं कार्डावरच्या एका खेळाडूच्या नावाबद्दल एका पोराला विचारलं, मंदार राव देसाई, यात आडनाव कुठून सुरू होतं? पोरगा म्हणाला, ''राव देसाय म्हणा, देसाई न्हय.'' तिनं तीनदा म्हणून पाहिलं. मग लाल दिवा लागला. एका कानात कंट्रोल रूममधून दहा, नऊ, आठ चाललेलं, समोर माजी खेळाडू लांबण लावून बसलेला, आणि बरोबर शून्याला त्याला न दुखावता ब्रेक घ्यायचा. काकांनी कुणी कानात बोलत असताना स्वतःचा फोन नंबर न चुकता सांगून दाखवावा. (मी करून पाहिलंय. सातव्या आकड्याला गाडी घसरते.)

ऑफसाइडची, म्हणजे पास येताना खेळाडू प्रतिस्पर्ध्यांच्या बचावफळीच्या पुढे आहे का या फुटबॉलच्या नियमाची, तर गोष्टच आहे. जानेवारी २०११, इंग्लंडमधली फुटबॉल मॅच, वुल्व्हज विरुद्ध लिव्हरपूल. लाइनवर झेंडा घेऊन सहायक पंच सियान मॅसी. माइक बंद आहे असं समजून अँडी ग्रे आणि रिचर्ड कीज हे इंग्लिश टीव्हीवरचे दोन नावाजलेले पुरुष म्हणाले की बाईला ऑफसाइड कुणीतरी समजावून सांगायला हवं. त्याच मॅचमध्ये लिव्हरपूलच्या टोरेसच्या गोलाआधी तिनं झेंडा खाली ठेवला, म्हणजे ऑफसाइड नाही असं ठरवलं, आणि रिप्लेत ती बरोबर ठरली. ग्रेची नोकरी गेली, कीजनं राजीनामा दिला.

उरली चाळिशी. इंग्लंडमध्ये 'मॅच ऑफ द डे' या बीबीसीच्या फुटबॉल कार्यक्रमाची सूत्रं २०२५ पासून तिघांकडे आहेत. त्यातली गॅबी लोगन १९७३ ची, केली केट्स १९७५ ची. आपल्याकडे, चंद्राबाई माइकसमोर बसल्या त्याच साली जन्मलेली अंजुम चोप्रा, भारताची माजी कप्तान, कॉमेंट्री करतेय. तरी या मुद्द्यात थोडं तथ्य आहे, मी नाकारत नाही. मैदानावर माइक घेऊन उभी असलेली पन्नाशीची बाई आपल्या वाहिन्यांवर शोधावी लागते. केस पिकलेले पुरुष मात्र ढिगानं दिसतात. पण ही निवड करणाऱ्यांबद्दल त्या मेसेजमध्ये एक ओळ नाही.