‘गप्पांनी पोट भरत नाही’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

भाऊ,

मेंढा (लेखा) या गावावरच्या माझ्या लेखाखालची तुमची प्रतिक्रिया सावकाश वाचली. तुमचं म्हणणं असं की, शहरातला फिरस्ता येतो, रात्रभर ‘समाज कसा असावा’ यावर बोलतो आणि निघून जातो. इकडे कापसाला भाव नाही, डोक्यावर सावकाराचं कर्ज, पोरं पुण्याला चालली. गप्पांनी पोट भरत नाही आणि गडचिरोलीतलं मेंढ्यासारखं एक छोटं गोंड गाव यवतमाळला लागू पडत नाही.

कापसाच्या भावाचं दुखणं खरंच आहे. पण गप्पांचं मला पटत नाही.

मेंढ्याला सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क २००९ मध्ये मिळाला. तरी बांबू गावाबाहेर न्यायचा तर वाहतूक परवाना वनखात्याचा. हक्क कागदावर, बांबू बेटातच! गाव हटलं नाही. एप्रिल २०११ मध्ये केंद्रीय मंत्री जयराम रमेश गावात आले, तेव्हा परवान्यांचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती पडलं. ही हिंमत वर्षानुवर्षांच्या बोलण्यातून आली. तिथे अभ्यासगटात नुसती चर्चा होते, बाहेरचेही बसतात. निर्णय मात्र ग्रामसभेचा आणि तोही सर्वसहमतीनं. एकाचा जरी विरोध असला तरी विषय पुढच्या बैठकीवर जातो. मला हे फार मोलाचं वाटतं, कारण मतदानात हरलेला माणूस ठराव पाळेलच असं नाही. परतीच्या वाटेवर भेटलेल्या एक बाई म्हणाल्या, “हात मोजले का माह्या घरचा माणूस जिंकते. बसून बोललं तं त्याले माह्यं आयकाच लागते.”

आता तुमच्या कर्जाच्या मुद्द्याकडे येतो. याच गावानं २०१३ मध्ये ग्रामदानाचा ठराव केला, १९६४ च्या महाराष्ट्र ग्रामदान कायद्याखाली. शेत ज्याचं तोच कसणार, पण मालकी ग्रामसभेची. परस्पर बाहेरच्याला विकता येत नाही, म्हणजे सावकाराच्या घशातही जात नाही. आपली जमीन अशी सोडायला माणूस एका रात्रीत तयार होतो का?

कापसाच्या गावात हे अवघड आहे, हे मान्य. चाळीस एकरवाला आणि त्याच्याकडे निंदायला जाणारी बाई एका सतरंजीवर बसत नाहीत. पण मग बोलणं तिथेच जास्त हवं ना!

तुमच्या ग्रामसभेत सावकारी कर्जाचा विषय कधी निघाला का? काय झालं, कोण गप्प बसलं, ते जरूर लिहा. वेचणी संपली की तिकडे येतोय. आधी मजुरांच्या वस्तीत बसू.