सनद हवी? मग शिकता कशाला!

पाच वर्षं लॉ कॉलेजात घालवायची, कॉन्ट्रॅक्ट अ‍ॅक्ट घोकायचा, केटीच्या फेऱ्यातून कसंबसं सुटायचं आणि शेवटी सीनियरच्या ऑफिसात जाण्यायेण्याचा खर्चही सुटणार नाही एवढ्या पैशावर फायली उचलायच्या. एवढा खटाटोप हवा कशाला? वकील व्हायचं आहे ना, मग थेट व्हा.

पदवी शक्यतो लांबच्या विद्यापीठाची घ्या. दिल्लीचे कायदामंत्री जितेंद्रसिंह तोमर यांना बनावट पदवीच्या आरोपावरून जून २०१५ मध्ये मंत्रिपदावर असतानाच अटक झाली. कायद्याची पदवी होती बिहारमधल्या तिलका मांझी भागलपूर विद्यापीठाची, आणि ती विद्यापीठाने पुढे रद्दही केली. पण खातं कोणतं सांभाळत होते, ते ध्यानात घ्या. पदवीवाचून तुमचं काय अडणार आहे?

सनद, म्हणजे वकिलीचा परवानाही आता स्वस्त झाला आहे. सर्वसाधारण उमेदवाराकडून नोंदणीचे ७५० रुपयांपेक्षा जास्त घेऊ नका, असं सुप्रीम कोर्टाने जुलै २०२४ मध्ये वकिलांची नोंदणी करणाऱ्या बार कौन्सिलांना बजावलं. निर्णय अर्थात गरिबाघरच्या, खरोखर शिकलेल्या पोरांसाठी होता. पण चलन भरताना तुम्हाला कोण विचारतंय?

वकिलांच्या पदव्यांच्या पडताळणीची धास्ती घेऊ नका. तिचे नियम २०१५ साली आले आणि लगेच कोर्टात अडकले, कारण वकिलांना नियम लावायचा म्हटल्यावर दुसरं काय होणार? एप्रिल २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने निवृत्त न्यायमूर्ती दीपक गुप्ता यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. तेव्हा देशात सनदधारक सुमारे २५.७० लाख होते आणि पडताळणीचे अर्ज आले होते साडेसात लाखांच्या आसपास. पदव्या तपासून द्यायला विद्यापीठं फी मागत होती. ती घेऊ नका, हेही कोर्टालाच सांगावं लागलं. खोटी पदवी रोखीत मिळते, खरी तपासायची म्हटली की पैशांवर घोडं अडतं. या गर्दीत तुम्हाला शोधणार कोण?

आता प्रॅक्टिस. काळा कोट, पांढरा बँड आणि काखेत जाड फाइल. पुकारा झाला की उठायचं आणि मान झुकवून मुदतीचा अर्ज पुढे करायचा. उलटतपासाच्या भानगडीत पडू नका. त्यात कायदा लागतो. मुदत मागायला नुसता आवाज पुरतो. बाररूममध्ये मात्र न चुकता चहा पाजा. केरळात आलप्पुळा इथे २०२१ मध्ये उघड झालेलं प्रकरण वाचा. आरोप असा, की पदवी नाही आणि सनदेचा नंबर दुसऱ्याचा. तरी बाई वकील संघटनेच्या निवडणुकीत निवडून आल्या आणि कोर्टाने त्यांना कोर्ट कमिशनर, म्हणजे कोर्टाच्या वतीने पाहणी करणारा वकील, म्हणूनही नेमलं. पुढे शरण यायला म्हणून कोर्टात आल्या, अजामीनपात्र कलम लागल्याचं कळताच तिथून पसार झाल्या. प्रसंगावधान म्हणतात ते हेच!

आणि समजा, पकडले गेलातच. मग तर खरी मजा. अ‍ॅडव्होकेट्स अ‍ॅक्ट, १९६१ मध्ये तुमच्यासाठी काय काय करून ठेवलंय, पाहा. फसवणुकीने नोंदणी मिळवली असेल तर कलम २६ खाली नाव काढता येतं, पण आधी तुमचं म्हणणं ऐकून घ्यावं लागतं. गैरवर्तनाची तक्रार गेली तर तिघांची शिस्तपालन समिती बसते. तिने वर्षभरात निकाल द्यायचा, नाही दिला तर प्रकरण बार कौन्सिल ऑफ इंडियाकडे जातं. निकाल विरुद्ध गेला तर अपील तिथेच, आणि त्यावर पुन्हा सुप्रीम कोर्टात. मधल्या काळात स्थगिती मागायची. ते कसब आहेच तुमच्याकडे. दिल्लीत २०१९ पासून ऑक्टोबर २०२४ पर्यंत अशा बनावट वकिलांची १०७ नावं वगळली, असं बार कौन्सिल सांगते. एवढ्या मोठ्या शहरात एवढीच. धीर येतो की नाही?

राहिला पक्षकार. तो पहाटेच्या एसटीने येईल. कॅरीबॅगेत सातबारे, फेरफार आणि वहीच्या पानावर तुम्ही लिहून दिलेली फीची पावती असेल. प्रतिज्ञापत्र कर म्हटलं की करेल, झेरॉक्स आण म्हटलं की आणेल. समितीसमोरही तो तुम्हाला ‘वकीलसाहेब’च म्हणेल, सवयच पडलेली असते. कलम ३५ खाली तुम्हाला समज देता येते, निलंबित करता येतं, यादीतून नाव काढता येतं. त्याची फी परत देववण्याचा किंवा बुडालेल्या दाव्याची भरपाई देण्याचा त्यात उल्लेख नाही. तेव्हा पैसे सांभाळून ठेवा, अपिलाला लागतील.

सनदेविना वकिली केल्याबद्दल कलम ४५ खाली कैद आहे, पण जास्तीत जास्त सहा महिने. फसवणुकीचा फौजदारी गुन्हा वेगळा, तिथे जरा लांबू शकतं. तरी खचू नका. नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात शिक्षा झालेल्यालाही सुटकेनंतर दोन वर्षांनी कलम २४-अ मधली नोंदणीची अपात्रता राहत नाही. पुन्हा अर्ज करता येतो. फक्त त्या खेपेला पदवी नीट तपासतील, म्हणजे खरीच लागेल. पाच वर्षं जातील त्यात. जमेल का बघा.